नाक मोडणाऱ्याची बाजू

नववीच्या मुलांना युरोपातली जुनी चित्रकला शिकवताना मी एक गोष्ट हमखास सांगते. इटलीतल्या फ्लॉरेन्स शहरात एक पेढीवालं घराणं होतं. खुद्द पोपचा पैसा त्यांच्या पेढीवर असायचा. या लोकांना ना गादी होती, ना मुकुट. चारचौघांसारखे रस्त्याने चालायचे. फक्त शहराचे कारभारी चिठ्ठ्या काढून निवडले जायचे आणि पिशवीत कोणाच्या चिठ्ठ्या पडू द्यायच्या ते या घराण्याची माणसं ठरवायची. एवढं हातात असल्यावर मुकुट हवाय कोणाला? त्यांनी चित्रकारांवर, शिल्पकारांवर पैसा उधळला आणि आपल्या वाड्यातल्या प्रार्थनेच्या खोलीत, भिंतभर, देवदर्शनाला निघालेल्या राजांची मिरवणूक रंगवून घेतली. त्या मिरवणुकीत ऐटीत घोड्यावर कोण? तर हेच, सहकुटुंब.

इथपर्यंत मुलं जांभया देतात. मग मी नाकाची गोष्ट काढते. या घराण्याने एका तरुण शिल्पकाराला घरी ठेवून घेतलं. राहायला खोली दिली आणि जेवायला घरच्या मुलांच्या पंक्तीत बसवलं. त्याच्याबरोबर शिकणाऱ्या दुसऱ्या एकाला ते पाहवेना. एकदा जुन्या चित्रांची नक्कल करता करता दोघांची जुंपली आणि दुसऱ्याने असा ठोसा हाणला, की त्या लाडक्याचं नाक जन्मभरासाठी वाकडं झालं. वाकड्या नाकाचा पुढे जगात नावाजला गेला. ठोसा मारणाऱ्याला गाव सोडून पळावं लागलं. वर्ग खो खो हसतो. सगळी मुलं वाकड्या नाकाच्या बाजूची असतात आणि मीही वरवर त्यांच्यातच असते.

पण मला त्या नाक मोडणाऱ्याचं कळतं. गेल्या वर्षी तर फारच कळायला लागलं.

मी मूळची सांगलीची. लग्नानंतर नवऱ्याच्या नोकरीमागे बहरीनला आले. झिंजमध्ये खाली कोल्ड स्टोअर, म्हणजे इथलं किराणा दुकान, असलेल्या एका इमारतीत आमचा संसार उभा राहिला आणि मी इथल्या एका भारतीय शाळेत चित्रकला शिकवायला लागले. आमच्या मराठी मंडळाचा गणपती भाड्याच्या हॉलमध्ये बसतो. मूर्ती पेणहून विमानाने येते, झेंडू विमानाने येतो, मोदकाची पिठी आम्ही बायका सुट्टीवरून परतताना बॅगेत कोंबून आणतो. मूर्तीमागचा पडदा तेवढा इथलाच. तो मी रंगवायचे. कधी सह्याद्रीचे कडे, कधी कृष्णेचा घाट, कधी नुसतं देवळाचं शिखर आणि वर उडणारे पोपट. लोक आत आले की आधी मूर्तीला हात जोडायचे आणि मग मान वर करून पडदा बघायचे. त्या एका मान वर करण्यावर मी पुढचं वर्ष काढायचे. शाळेत चित्रकलेचा तास गणिताला देऊन टाकतात, घरी कोणी माझ्या चित्राकडे दोनदा बघत नाही. माझं म्हणावं असं या देशात तेवढंच होतं.

काही वर्षांपूर्वी आमच्या शाळेत चित्रकलेलाच आणखी एक बाई लागली. माझ्यापेक्षा बरीच लहान, पेणची, घरचा गणपतीचा कारखाना. मुंबईला रीतसर चित्रकला शिकलेली. नवरा बंदरावर क्रेनच्या कामात, म्हणून घर हिद्दला. पेणच्या कारखान्यात अंगाचा रंग कोणीही देतं, पण डोळ्यांची आखणी ठरावीक हातांनीच व्हायची, आणि यांच्या घरी ते हात हिचे होते. नम्र वगैरे ती मुळीच नव्हती. माझ्या पडद्यांचे फोटो बघून पहिल्याच आठवड्यात म्हणाली, "ओ ताई, डोंगर झकास आहेत. माणसं मात्र रांगेत तिकिटाला उभी केल्यासारखी."

दुसरं कोणी म्हणालं असतं तर मी महिनाभर बोलले नसते. हिला मी पडद्याच्या कामावर घेतलं. तिला गाडी चालवता येत नाही, म्हणून सुट्टीच्या दिवशी मी झिंजहून हिद्दला जायचे आणि तिला घेऊन यायचे. येताना पूल ओलांडेपर्यंत ती पाय वर घेऊन बसायची आणि अखंड बोलायची. माझ्या गाडीच्या डॅशबोर्डवर तिच्या अंगठ्याचा निळा ठसा उमटला होता, तो मी कधी पुसला नाही. मी आखायचे, ती भरायची, आणि माणसांचे डोळे आले की मी ब्रश तिच्या हातात द्यायचे. नाकाची गोष्टही तिने माझ्याच वर्गात, मागच्या बाकावर बसून ऐकली होती.

आणि मग बुदैयाचे आले.

नाव कशाला घ्यायचं? मंडळात त्यांना सगळे असंच म्हणतात. बुदैयाच्या रस्त्याला आत मोठा व्हिला, अंगणात खजुराची झाडं. साहेब एका बँकेत फार वर. त्यांचे वडील पुण्यात बँकेत होते, भाऊ मुंबईत बँकेत, साहेबांची बायको, म्हणजे आमच्या सगळ्यांच्या वहिनी, त्याही लग्नाआधी बँकेतच. त्या घरात मांजर पाळलं असतं तर तेही कॅशियर झालं असतं. घरात साहेबांची आई. सगळे त्यांना आजी म्हणतात. मुलगा लंडनला, अर्थात बँकेत.

साहेबांनी मंडळात कुठलंही पद घेतलं नाही. "आपण आपले साधे मेंबर," असं म्हणायचे, हळू आवाजात. पण वर्षभरात अशी तऱ्हा झाली की प्रसादाला शिरा करायचा की खीर, इथपर्यंत अध्यक्ष विचारायचे, "साहेबांशी बोललात का?" हॉल साहेबांनी मिळवून दिलेला, ध्वनियंत्रणा साहेबांची, नाटकवाले भारतातून आले की उतरायचे साहेबांकडे. कार्यकारिणी निवडताना एकमत व्हायचं, आणि एकमत कोणावर होणार ते बुदैयाच्या जेवणावळीत आधीच कळलेलं असायचं. ज्याच्या हाती ससा तो पारधी. मला यात वावगं वाटलं नाही. उलट मला फ्लॉरेन्स आठवलं आणि वाटलं, चला, आपल्याकडेही कलेला कोणी वाली आला!

त्यांच्याकडे पहिल्यांदा जेवायला गेले तेव्हा वहिनींच्या शेजारी बसून मी त्या पेढीवाल्या घराण्याची सगळी गोष्ट सांगितली. मिरवणूक, घोडे, भिंतीवरचे चेहरे. नाकाचं नाही सांगितलं. वहिनी घास हातात धरून ऐकत होत्या. "हाउ फॅसिनेटिंग! म्हणजे देवाच्या चित्रात फॅमिली पोर्ट्रेट?" त्यांनी साहेबांनाही परत सांगायला लावलं. मी सांगितलं, आणखी रंगवून. माझ्या मनात काय होतं ते लपवत नाही. मला वाटलं, या बाईने मला म्हणावं, तुम्ही आमच्यासाठी काढा.

उन्हाळ्यात ते इटलीला जाऊन आले. परत आल्यावर मंडळाच्या बैठकीत वहिनींनी फोनवरची चित्रं सगळ्यांना दाखवली. या वर्षीची कन्सेप्ट म्हणजे फ्लॉरेन्समधली मिरवणूक, पण आपल्या गणपतीची: मागे त्या टेकड्या, ती उंच उंच सुरूसारखी झाडं, आणि पुढे ढोल, लेझीम, फेटे. मिरवणुकीत आपलीच माणसं. मी पदर सावरून बसले. मग त्या म्हणाल्या, "चेहऱ्यांचं काम आहे, म्हणून मी आपल्या पेणच्या आर्टिस्टला रिक्वेस्ट केलीय. ताई गाइड करतीलच."

दार मी उघडलं आणि आत ती गेली.

बैठकीतून उठताना ती माझ्याजवळ आली. "ताई, त्यांनी परवा फोन केला. मला वाटलं तुम्हाला सांगितलंच असेल."

"अगं, मला कशाला सांगतील? मी गाइड आहे ना."

"तुम्ही म्हणाल तर नाही म्हणते मी."

हे ती मनापासून म्हणाली का, ते मला आजही माहीत नाही. मी म्हणाले, "छे छे, तुझं भलं होतंय तर मी का आड येऊ?" आणि घरी येऊन एवढी भांडी घासली की नवरा उठून विचारायला आला, पाहुणे येणारेत का.

त्यानंतरचे महिने मी जळत काढले. दुसरा शब्द नाही. वहिनींनी तिला व्हिलातली उत्तरेकडच्या उजेडाची एक खोली दिली. त्यांची गाडी हिद्दहून तिला न्यायची आणि सोडायची. मंडळाच्या ग्रुपवर फोटो यायचे: ती शिडीवर, ती आजींचं तोंड न्याहाळताना, ती त्यांच्या टेबलावर आमरस खाताना, साहेबांच्या अगदी शेजारच्या खुर्चीवर. घरच्या मुलांच्या पंक्तीत! मी तो फोटो बोटांनी मोठा करून तिच्या ताटात काय काय वाढलंय ते बघितलं. पुढे कळलं की ऑक्टोबरात वहिनी परत इटलीला जाणार आणि हिला सोबत नेणार, मूळ चित्रं दाखवायला. जी चित्रं मी वीस वर्षं फळ्यावर खडूने काढून दाखवली, पुस्तकातल्या तळहाताएवढ्या छपाईवरून शिकवली, ती ही जाऊन समोरून बघणार होती.

शाळेत ती पूर्वीसारखी येऊन बसायची, डबा पुढे करायची. मी उपास धरायला लागले. सोमवार, मंगळवार, संकष्टी, जो सापडेल तो.

"ताई, तुम्ही या ना एकदा बघायला. टेकड्या माझ्या बसतच नाहीत."

"तुझे मालक आहेत ना बघायला."

"मालक काय ओ, ताई."

तिच्या नाकाकडे माझं लक्ष जायला लागलं ते तेव्हापासून. सरळ, नेटकं, चाफेकळी म्हणावं असं नाक. मी हात उगारणारी बाई नाही, पण त्या फ्लॉरेन्सच्या पोराला मूठ आवळताना कसं वाटलं असेल ते स्टाफरूममध्ये बसून मला अगदी बोटांत जाणवायचं.

माझा ठोसा मी बैठकीत मारला. गणपतीच्या आधीची शेवटची बैठक होती, ती आलेली नव्हती. कोणीतरी म्हणालं, पडदा अप्रतिम झालाय. मी म्हणाले, "हो, छान असणारच. मूर्ती रंगवणारा हात आहे. चित्रकार वेगळा आणि कारखान्यातला रंगारी वेगळा, एवढंच." बोलून मला गार वाटलं. अध्यक्षांनी चष्मा पुसला. वहिनी गोड हसल्या. दुसऱ्या दिवशी शाळेत तिने माझ्यापुढे डबा केला नाही, म्हणजे बातमी हिद्दला पोचली होती. मीही मग उपास सोडला.

घरी मुलीने माझ्याकडे रोखून बघितलं. ती सगळं मराठी समजते आणि सगळं इंग्रजीत परतवते. "आई, यू आर जस्ट जेलस."

"आहेच," मी म्हणाले. "त्यात जस्ट काय?"

गणपतीच्या दिवशी सकाळी मी हॉलवर गेले. मला त्या वर्षी फुलांचं काम होतं. बाहेर ती भाद्रपदातली बहरीनची हवा, ओलं फडकं तोंडावर टाकल्यासारखी, आणि आत एसीने हुडहुडी. पडद्याकडे बघायचं नाही असा निश्चय करून मी पाठ फिरवून झेंडू ओवायला बसले. आत येणाऱ्या माणसांचे आवाज मात्र कानावर येत होते. ते मूर्तीला हात जोडायचे आणि मग "आई गं!" म्हणायचे. माझ्या पडद्यांना इतक्या वर्षांत "वा" मिळाली होती, "छान" मिळालं होतं. "आई गं" कधी नाही. एकदा मान वळलीच. लांबून मला सोनेरी टेकड्या दिसल्या, त्यांच्यावरून वळत येणारी मिरवणूक, पांढऱ्या घोड्यावर फेटा बांधलेले साहेब. एकही माणूस तिकिटाच्या रांगेत उभा नव्हता. सगळे चालत होते. मी परत सुईत दोरा ओवला. तीनदा हुकला.

आमच्याकडे प्रथा अशी की बायकांनी ओवलेला एक मोठा हार मूर्तीच्या वर, पडद्यावर चढवायचा. चौकटीला वर दोन हूक आहेत, माझ्याच नवऱ्याने ठोकलेले. हार त्यांच्यात अडकवला की मधोमध झोळीसारखा खाली येतो. दर वर्षी त्या झोळीत माझं शिखर यायचं नाहीतर डोंगर यायचा, आणि छान दिसायचं. या वर्षी दोघांनी शिडीवर चढून नेहमीसारखा हार अडकवला, खाली उतरले, आणि हॉलमधला गलका एकदम थांबला.

हाराच्या बरोबर मधोमध आजींचा चेहरा आला होता. मिरवणुकीच्या मध्यावर, मेण्यात बसलेल्या, नाकात नथ, हसऱ्या. आणि भोवती झेंडूचा हार. आपल्याकडे भिंतीवरच्या कोणत्या चेहऱ्याला हार घालतात हे शेंबडं पोरही सांगेल.

आजी समोरच खुर्चीत बसल्या होत्या. त्यांनी चष्मा नीट केला. "अगं बाई, गेले की काय मी? मला कोणी सांगितलं नाही ते!"

त्या स्वतः हसल्या, पण दुसरं कोणी हसेना. वहिनींचा चेहरा पांढरा पडला होता. साहेब म्हणाले, "हार हलवा." हळूच म्हणाले, आणि चार माणसं धावली.

हलवायचा कुठे? डावीकडे सरकवला तर साहेबांच्या गळ्यात. उजवीकडे नेला तर लंडनच्या मुलाच्या. जरा खाली सोडला तर वहिनींच्या, हातात आरतीचं ताट घेतलेल्या. त्या अख्ख्या मिरवणुकीत हार पडायला जागा नव्हती, जिथे तिथे हेच लोक. खरं सांगते, मला आतून उकळ्या फुटत होत्या. तेवढ्यात अध्यक्षांना डावीकडच्या खालच्या कोपऱ्यातला दिव्यांच्या वायरीचा हूक दिसला. "तिकडे घ्या. तिथे नुसती गर्दी आहे, कोणी नाही. यल्ला, चला, मुहूर्त चाललाय."

हाराचं एक टोक माझ्याच हातात होतं. मी ते घेऊन कोपऱ्याकडे गेले आणि हात वर केला.

"ताई, तिथे नको."

ती शिडीच्या मागून पुढे आली. पैठणी नेसली होती, वहिनींची असणार. त्या बैठकीनंतर आम्ही समोरासमोर पहिल्यांदाच उभ्या होतो.

"का?" मी म्हणाले. माझा आवाज चढला होता आणि मी तो चढू दिला. "इथे पण साहेबांचं कोणी नातेवाईक आहे का?"

"तिथे तुम्ही आहात."

मी बघितलं. गर्दीच्या कडेला, टाळ वाजवणाऱ्या दोन माणसांच्या मध्ये एक बाई उभी होती. माझी हनुवटी, माझा कपाळावरचा वण, कानामागे खोचलेली पेन्सिल. मिरवणुकीतले सगळे गणपतीकडे बघत होते. ती बाई बघत नव्हती. तिचं तोंड हसरं होतं आणि डोळे तिरके, शेजारी. त्या डोळ्यांत जे होतं ते मी आरशात कधी पाहिलं नव्हतं. आरशापुढे माणूस तोंड नीट करून उभा राहतो. हे कोणीतरी डब्याच्या पलीकडून, महिनोन्‌महिने, बघून ठेवलेलं होतं.

त्या डोळ्यांच्या रोखाने मी शेजारी बघितलं. तिथे एक तरुण मुलगी होती, हातात ब्रश, बोटं निळी. ती समोर बघत होती, सरळ आपल्याकडे. आणि तिचं नाक वाकडं होतं. मधोमध मोडलेलं.

हार माझ्या हातात तसाच राहिला.

"अहो, एवढंसं तर आहे," मागून वहिनी म्हणाल्या. "त्या कोपऱ्यात कोण बघतंय? ताई, घाला तुम्ही. आजींचं वेगळं, शी इज एटी फोर, तसं बरं दिसत नाही."

"वहिनी," ती म्हणाली, "आजी जिवंत आहेत म्हणून हार काढलात. ताई पण जिवंत आहेत."

"तसं नाही गं, पण—"

"मग कोणालाच नको. नाहीतर राहू दे होता तिथे." तिने माझ्या हातातलं टोक घेतलं आणि एका झटक्यात सगळा हार खाली ओढून घेतला. तो तिने दोन्ही हातांत गोळा केला आणि मूर्तीच्या पायाशी ठेवला. बुदैयाच्या माणसांना मंडळात कोणी नाही म्हटलेलं मी तेव्हा पहिल्यांदा ऐकलं.

साहेबांनी फक्त वहिनींकडे बघितलं. आजी म्हणाल्या, "बरोबर आहे पोरीचं. आरती घ्या." आरती सुरू झाली. टाळ्या वाजवता वाजवता वहिनी तिच्याकडे झुकून म्हणाल्या, ते मी मागेच उभी असल्याने मला ऐकू आलं. "ऑक्टोबरचं आपण नंतर बघू हं." आवाजात साखर होती. ती मान हलवून टाळ्या वाजवत राहिली.

आणि माझं काय? माझ्या पोटात, आरती चालू असताना, समोर गणपती असताना, एक आनंदाची कळ येऊन गेली. गेलं हिचं फ्लॉरेन्स! पुढच्याच क्षणाला मला त्या आनंदाची इतकी शिसारी आली की मी 'घालीन लोटांगण' म्हणताना थांबलेच. पण कळ आली होती हे खरं. हार काढला तो माझ्यावरून, आणि आनंद झाला तो मलाच.

प्रसाद झाल्यावर ती पार्किंगमध्ये भिंतीच्या सावलीत उभी होती, पैठणी घामाने भिजलेली. बुदैयाची गाडी आली नव्हती. येणार नव्हती हे आम्हा दोघींनाही कळत होतं. मी माझी गाडी तिच्यासमोर आणली आणि दार आतून उघडलं. ती बसली. पाय वर नाही घेतले.

हमरस्त्याला लागल्यावर मी म्हणाले, "नाक वाकडं काढलंस."

"मोडलं होतं ना." ती खिडकीबाहेर बघत होती. "रंगारी म्हणालात. माझ्या बापाला कोणी रंगारी म्हटलं तर मला चालतं, ताई. तो स्वतःला तेच म्हणवतो. तुम्ही म्हणालात ते चाललं नाही."

"हो. म्हणाले मी."

"माहितीय."

"आणि फ्लॉरेन्स?"

"खलास." तिने हात झटकले, झेंडूच्या पाकळ्या गाडीत पडल्या. "काय ओ, तुम्ही इतक्यांदा सांगितलंय, की मी तिथे जाऊन आल्यासारखंच आहे." तिचा आवाज शेवटी जरा चिरकला. तिला तिथे जायचं होतं. फार जायचं होतं. मला काही बोलायला हवं होतं, आणि आभार तर आधी मानायला हवे होते.

पुलावर दोन्ही बाजूंनी समुद्र पांढरा दिसत होता. माझ्या डोळ्यांसमोरून ते तिरके डोळे हलत नव्हते. मी जन्मभर चित्रं शिकवली, इतकी वर्षं पडदे रंगवले, आणि असा एक डोळा मला काढता आला नव्हता. आता येणारही नव्हता. माझी लाज, माझी जळजळ, माझी चोरी, सगळं तिने चार रेघांत धरलं होतं, आणि त्या चार रेघांचाच मला हेवा वाटत होता. मी हे तिला सांगायला तोंड उघडलं आणि तोंडातून आलं ते असं: "माझी भुवई जरा जाड झालीय."

ती वळली. माझ्याकडे नीट बघून घेतलं, पडद्यासाठी बघितलं असेल तसंच. मग पदर आवरून, पाय वर घेऊन बसली.

"ताई, अजून जळताय."

"हो," मी म्हणाले. "उद्या किती वाजता येऊ न्यायला?"